विश्लेषण : सोव्हिएत संघाची चोरीची यादी फोडणारा व्लादिमीर वेत्रोव कोण होता?

परदेशी तंत्रज्ञान गुपचूप मिळवण्यासाठी सोव्हिएत सरकारने मोठी यंत्रणा उभारली होती. केजीबीतील एका नाराज अभियंत्याने ती आतून उघडी पाडली. मात्र तो पकडला गेला तो हेरगिरीसाठी नव्हे, तर खुनासाठी. ‘फेअरवेल’ या सांकेतिक नावाने ओळखल्या जाणाऱ्या या माणसाची ही कहाणी.

अमेरिकेने ऑक्टोबर २०२२ मध्ये अत्याधुनिक संगणकीय चिपच्या चीनला होणाऱ्या निर्यातीवर कडक निर्बंध घातले. तेव्हापासून चिपची तस्करी, तिसऱ्या देशातून वळवलेला माल, नावापुरत्या काढलेल्या कंपन्या या गोष्टी बातम्यांत वरचेवर येतात. हा खेळ मात्र जुना आहे. शीतयुद्धाच्या काळात सोव्हिएत संघाने तो सरकारी खात्याच्या शिस्तीने खेळला. त्यासाठी वार्षिक मागणीपत्रके होती, अंदाजपत्रक होते आणि वर्षाअखेरीस कामगिरीचा अहवालही होता. हे सगळे जगाला कळले ते प्रामुख्याने लेफ्टनंट कर्नल व्लादिमीर इप्पोलितोविच वेत्रोव याच्यामुळे.

वेत्रोवची पार्श्वभूमी काय होती?

वेत्रोवचा जन्म १० ऑक्टोबर १९३२ रोजी मॉस्कोत एका साध्या कुटुंबात झाला. दुसऱ्या महायुद्धाच्या टंचाईत त्याचे बालपण गेले. अभ्यासात तो हुशार होता आणि तरुणपणी वेगवान धावपटू म्हणूनही त्याने नाव कमावले. मॉस्कोतील बाऊमन उच्च तंत्रशाळेत त्याला प्रवेश मिळाला. आपल्याकडे आयआयटीला जो मान आहे, तो रशियात या संस्थेला आहे. तेथून तो अभियंता होऊन बाहेर पडला आणि गणकयंत्रे बनवणाऱ्या कारखान्यात रुजू झाला.

१९५० च्या दशकाच्या अखेरीस केजीबीने त्याला हेरले. तंत्रज्ञान समजणाऱ्या तरुणांची या संघटनेला गरज होती. चोरायचे काय, हे ठरवायला आणि चोरलेल्या आराखड्यात खरे काय, खोटे काय हे ओळखायला नुसता हेर पुरत नाही. तिथे अभियंताच लागतो. कारखान्यातल्या पगाराच्या तुलनेत केजीबीची नोकरी, परदेशवारीची शक्यता आणि समाजातील वजन या सगळ्याचे आकर्षण मोठे होते. वेत्रोवने ती नोकरी पत्करली.

१९६५ मध्ये त्याची पॅरिसला नेमणूक झाली. कागदोपत्री तो सोव्हिएत व्यापार कार्यालयातील अधिकारी होता. प्रत्यक्षात फ्रेंच इलेक्ट्रॉनिक्स उद्योगातील माणसांशी ओळखी वाढवणे आणि त्यांच्यामार्फत माहिती मिळवणे हे त्याचे काम होते. फ्रेंच भाषा, फ्रेंच जेवण, दुकानांतल्या वस्तू, उद्योजकांच्या मेजवान्या हे सगळे त्याला आणि त्याच्या पत्नीला आवडू लागले. याच काळात थॉमसन-सीएसएफ या मोठ्या इलेक्ट्रॉनिक्स कंपनीतील झाक प्रेव्हो या अधिकाऱ्याशी त्याची मैत्री जमली. एकदा मद्याच्या अमलाखाली वेत्रोवने कार्यालयाची मोटार ठोकली. हे वरिष्ठांना कळले असते तर त्याची परदेशातील नोकरी संपली असती. प्रेव्होने गाडीची दुरुस्ती गुपचूप करून दिली, असे त्याचे चरित्रकार नोंदवतात. ही उपकाराची गाठ पुढे फार महत्त्वाची ठरली.

फ्रेंच प्रतिहेर यंत्रणा ‘डीएसटी’चे वेत्रोववर लक्ष होते. तो आपल्याकडे वळू शकेल, असा तिचा कयास होता. पण १९७० मध्ये तो मॉस्कोला परतला आणि हा विषय तात्पुरता मिटला.

सोव्हिएत संघाला चोरीची गरज का भासली?

दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिका आणि तिच्या मित्रराष्ट्रांनी कम्युनिस्ट देशांना कोणते तंत्रज्ञान विकायचे नाही याची यादी ठरवण्यासाठी ‘कोकॉम’ ही समिती स्थापन केली. तिचे कार्यालय पॅरिसमध्ये होते. शक्तिशाली संगणक, अर्धवाहक बनवण्याची उपकरणे, अचूक यंत्रहत्यारे, रडारचे भाग अशा वस्तू या यादीत होत्या.

गणित आणि भौतिकशास्त्रात सोव्हिएत संघ मागे नव्हता. त्याने १९५७ मध्ये पहिला कृत्रिम उपग्रह सोडला आणि १९६१ मध्ये पहिला माणूस अंतराळात पाठवला. सेर्गेई लेबेदेव यांच्या चमूने १९६० च्या दशकात बनवलेला ‘बेसम-६’ हा संगणक सेकंदाला सुमारे दहा लाख क्रिया करत असे. अडचण होती ती प्रयोगशाळेतला एक उत्तम नमुना कारखान्यात हजारोंच्या संख्येने, तोच दर्जा राखून बनवण्याची. चिप तयार करताना लागणारी स्वच्छता, शुद्ध रसायने, अचूक यंत्रे आणि चुकीतून लवकर शिकायला लावणारा ग्राहक, या चारही बाबतींत तेथील व्यवस्था कमी पडत होती. वरून मात्र आदेश यायचा की, अमेरिकेकडे आहे ते आपल्याकडेही लवकर हवे. त्यावर आयते उत्तर शोधले गेले.

‘लाइन एक्स’ काम कशी करत असे?

या यंत्रणेच्या केंद्रस्थानी लष्करी-औद्योगिक आयोग म्हणजे ‘व्हीपीके’ होता. विमान, क्षेपणास्त्र, रेडिओ, इलेक्ट्रॉनिक्स अशी विविध मंत्रालये आपल्याला कोणते परदेशी यंत्र, कोणता आराखडा, कोणत्या धातूचा नमुना हवा आहे याची मागणी आयोगाकडे नोंदवत. आयोग ती तपासून प्राधान्यक्रम लावे, पैसे मंजूर करे आणि काम वाटून देई. काम करणाऱ्यांत केजीबी, लष्करी गुप्तचर संस्था जीआरयू, विज्ञान-तंत्रज्ञानविषयक राज्य समिती आणि विज्ञान अकादमीही होती. पूर्व जर्मनी, चेकोस्लोव्हाकिया, पोलंड, हंगेरी, बल्गेरिया यांच्या गुप्तचर संस्थाही हातभार लावत.

केजीबीत हे काम ‘टी’ संचालनालयाकडे होते. त्याचे जे अधिकारी परदेशातील वकिलाती आणि व्यापार कार्यालयांत बसत, त्यांच्या शाखेला ‘लाइन एक्स’ म्हणत. मिळालेला माल संबंधित कारखान्याकडे गेला की कारखाना लेखी अभिप्राय देई. हा भाग उपयोगी पडला का, त्यामुळे संशोधनाचा किती वेळ वाचला, किती रुबल वाचले, हे सगळे नोंदवले जाई. थोडक्यात, चोरीला पावती होती.

पद्धतीही अनेक होत्या. अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा परिषदेत काम केलेल्या गस वाइस यांनी पुढे दोन उदाहरणे नोंदवून ठेवली आहेत. बोइंग कंपनी पाहायला आलेल्या एका सोव्हिएत पाहुण्याने बुटाच्या तळाला चिकट पदार्थ लावला होता. कारखान्यात फिरताना जमिनीवर पडलेला धातूचा कीस त्याला चिकटावा आणि मिश्रधातूचा नमुना आयता मिळावा, हा हेतू. दुसऱ्या प्रसंगी अमेरिकेत आलेल्या सुमारे शंभर जणांच्या सोव्हिएत कृषी शिष्टमंडळातील एक तृतीयांश लोक ज्ञात किंवा संशयित गुप्तचर होते.

मोठी यंत्रे सीमेपार कशी जात?

कागद बुटात लपतो, संगणक लपत नाही. तिथे व्यापाराचा आडोसा घ्यावा लागे. तटस्थ देशात नावापुरती कंपनी काढायची, तिच्या नावाने माल मागवायचा, मधल्या बंदरात कागदपत्रे बदलायची आणि जहाज पूर्वेकडे वळवायचे, ही ठरलेली रीत होती.

नोव्हेंबर १९८३ मध्ये अमेरिकेच्या डिजिटल इक्विपमेंट कंपनीच्या ‘व्हॅक्स ११/७८२’ या शक्तिशाली संगणकाचे भाग हॅम्बुर्ग आणि स्वीडनमध्ये पकडले गेले. ते दक्षिण आफ्रिकेमार्गे आले होते आणि सोव्हिएत संघाकडे निघाले होते. जपानच्या टोशिबा मशीन या कंपनीने नॉर्वेच्या काँग्सबर्ग कंपनीच्या नियंत्रकांसह अत्यंत अचूक यंत्रहत्यारे लेनिनग्राडच्या गोदीला विकल्याचे १९८७ मध्ये उघड झाले. पाणबुडीचे पंखे अधिक नेमके घडवले तर त्यांचा आवाज कमी होतो आणि पाणबुडी शोधणे कठीण जाते. म्हणून त्या सौद्याने अमेरिकेत संतापाची लाट उसळली. काही लोकप्रतिनिधींनी संसद भवनासमोर टोशिबाचा रेडिओ हातोड्याने फोडला.

चोरी होणार हे पाश्चात्त्य अभियंत्यांनीही गृहीत धरले होते. डिजिटल कंपनीच्या ‘सीव्हॅक्स’ या चिपवर तिच्या रचनाकारांनी सूक्ष्म अक्षरांत, मोडक्यातोडक्या रशियन भाषेत एक टोमणा कोरून ठेवला होता. चोरायचेच असेल तर सर्वोत्तम तेच चोरा, असा त्याचा आशय. तो वाचायला सूक्ष्मदर्शक लागतो. म्हणजे चिप उघडून तिची नक्कल करणाऱ्यालाच तो दिसावा, अशी ही सोय होती.

पवईतल्या संगणकाशी याचा काय संबंध?

या इतिहासाचा एक धागा महाराष्ट्रात पोहोचतो. आयआयटी मुंबईची स्थापना १९५८ मध्ये युनेस्कोमार्फत मिळालेल्या सोव्हिएत मदतीतून झाली. उपकरणे आली, तज्ज्ञ आले आणि ‘मिन्स्क’ मालिकेतला संगणकही पवईत आला. ही उघड, करारानुसार झालेली तंत्रज्ञानाची देवाणघेवाण होती.

त्यानंतर सत्तरच्या दशकात तेथे आलेला ‘ईसी-१०३०’ मात्र वेगळ्या वळणाचा होता. १९६० च्या दशकाच्या अखेरीस सोव्हिएत नेतृत्वाने स्वतःच्या संगणकांच्या वेगवेगळ्या रचना मागे ठेवून अमेरिकेच्या ‘आयबीएम ३६०’ मालिकेशी जुळणारे संगणक बनवायचे ठरवले. त्या मालिकेतील हे यंत्र. आयबीएमसाठी लिहिलेल्या प्रणाली त्यावर चालाव्यात, हा उद्देश होता.

निर्णयाची किंमत लगेच दिसली नाही. ‘आयबीएम ३६०’ची घोषणा १९६४ मध्ये झाली होती. सोव्हिएत नकला सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला बाजारात येईपर्यंत आयबीएमने पुढची ‘३७०’ मालिका आणली होती. नक्कल करणारा नेहमी मूळ वस्तू बाहेर पडल्यावरच कामाला लागतो, त्यामुळे अंतर संपत नाही. लेबेदेव यांच्यासारख्यांनी या मार्गाला विरोध केला होता, पण त्यांचे ऐकले गेले नाही.

वेत्रोव फिरला कशामुळे?

पॅरिसहून परतलेल्या वेत्रोवला १९७४ मध्ये कॅनडातील माँट्रियलला पाठवण्यात आले. पण ही नेमणूक वर्षभरही टिकली नाही आणि त्याला परत बोलावले गेले. त्यानंतर परदेशाची दारे बंद झाली. मॉस्कोजवळच्या यासेनेवो येथील मुख्यालयात त्याला विश्लेषकाचे टेबल मिळाले. जगभरातून ‘लाइन एक्स’चे अधिकारी जे पाठवत, ते वाचायचे, तपासायचे आणि वर्गवारी करायची.

चाळिशी उलटली तरी बढती मिळत नव्हती. त्याच्यापेक्षा कमी कुवतीची, पण वजनदार घरांतली मुले पुढे जात होती, असे त्याला वाटे. दारू वाढली होती. संसारात ताण होता आणि कार्यालयातील एका सहकारी महिलेशी त्याचे संबंध जुळले होते. पॅरिसमध्ये पाहिलेले जीवन आणि मॉस्कोतल्या दुकानांसमोरच्या रांगा यांतले अंतर त्याला रोज दिसत होते.

तरीही यातली एखादीच गोष्ट कारण म्हणून पुढे करणे सोपे ठरेल. त्याने फ्रेंचांकडे मोठ्या रकमा मागितल्या नाहीत. फ्रान्समध्ये पळून जाण्याचीही घाई केली नाही. ज्या संघटनेने आपल्याला अडगळीत टाकले, तिचे सर्वांत मौल्यवान काम मातीमोल करायचे, हा सूड त्याच्या वागण्यात ठळक दिसतो. योगायोग असा की, ज्या टेबलाला तो शिक्षा समजत होता, त्याच टेबलावर ही संधी पडली होती. परदेशातील हेराला फक्त आपले काम माहीत असते. मुख्यालयातल्या विश्लेषकाला सर्वांचे माहीत असते.

मॉस्कोतून कागद बाहेर कसे पडले?

१९८१ च्या सुरुवातीला वेत्रोवने जुन्या ओळखीचा धागा पकडून फ्रान्समधील प्रेव्होपर्यंत निरोप पोहोचवला. प्रेव्होने तो डीएसटीकडे दिला. डीएसटीचे प्रमुख मार्सेल शाले यांच्यापुढे पेच होता. त्यांच्या संस्थेचे काम फ्रान्सच्या हद्दीत परकीय हेर पकडण्याचे. परदेशात हेर चालवण्याचा तिला ना अधिकार होता, ना अनुभव. मॉस्कोत तिचा एकही माणूस नव्हता.

पण तीच उणीव ढाल बनली. मॉस्कोतील व्यावसायिक हेरांवर केजीबीची नजर असे. म्हणून पहिला संपर्क थॉमसन-सीएसएफचे मॉस्कोतील प्रतिनिधी झाविए आमेल यांनी केला. ते पेशाने अभियंता, हेरगिरीचे कोणतेही प्रशिक्षण नाही. वेत्रोव कार्यालयातून कागद घेऊन येई, आमेल त्यांच्या छायाप्रती काढत आणि मूळ कागद परत जागेवर जात. पुढे ही जबाबदारी फ्रेंच दूतावासातील लष्करी अधिकारी पात्रिक फेराँ आणि त्यांच्या पत्नीने सांभाळली. भाजीबाजारात खरेदीला आलेली दूतावासातली एक गृहिणी गर्दीत एका माणसाजवळून जाते, यात संशय घेण्यासारखे काही नव्हते. नंतर वेत्रोवला छोटा कॅमेराही मिळाला.

या मोहिमेला ‘फेअरवेल’ हे इंग्रजी नाव मुद्दाम दिले गेले. ते चुकून फुटलेच, तर केजीबीने संशय इंग्रज किंवा अमेरिकनांवर घ्यावा, हा त्यामागचा विचार.

वर्षभरात सुमारे ४,००० गोपनीय कागद पॅरिसला पोहोचले. त्यांत परदेशात काम करणाऱ्या ‘लाइन एक्स’च्या दोनशेहून अधिक अधिकाऱ्यांची नावे होती. पण खरा ऐवज होता तो ‘व्हीपीके’च्या मागण्या आणि अहवालांचा. कोणत्या मंत्रालयाने काय मागितले, काय मिळाले आणि काय अजून मिळालेले नाही, हे त्यात होते. वाण्याकडे दिलेली वाणसामानाची यादी शेजाऱ्याच्या हाती पडली, तर घरातले कोणते डबे रिकामे आहेत ते त्याला न विचारता कळते. सोव्हिएत संघाचे तेच झाले. क्षेपणास्त्रे किती आहेत हे उपग्रहातून मोजता येत होते, पण ती बनवणाऱ्या कारखान्यांना काय जमत नाही, हे फक्त या यादीतून दिसत होते.

मितराँ यांनी रेगन यांना काय सांगितले?

मे १९८१ मध्ये समाजवादी नेते फ्रान्स्वा मितराँ फ्रान्सचे अध्यक्ष झाले. त्यांच्या मंत्रिमंडळात चार कम्युनिस्ट मंत्री होते आणि त्यामुळे अमेरिकेचे अध्यक्ष रोनाल्ड रेगन यांचे प्रशासन त्यांच्याकडे संशयाने पाहत होते. जुलै १९८१ मध्ये कॅनडात ओटावा येथील जी-७ शिखर परिषदेच्या वेळी मितराँ यांनी रेगन यांना एकांतात ‘फेअरवेल’ची माहिती दिली आणि कागद अमेरिकेला देण्याची तयारी दाखवली. या एका भेटीने दोघांमधील संशय बराचसा निवळला.

कागद वॉशिंग्टनला पोहोचल्यावर चोरीचा आवाका पाहून अधिकारी चक्रावले. आपण ज्या शस्त्रस्पर्धेवर खर्च करतो आहोत, त्यातील दुसऱ्या स्पर्धकाचे संशोधनही काही अंशी आपणच करून देत आहोत, असा त्याचा अर्थ होता.

सदोष माल पाठवण्याची योजना काय होती?

सर्व हेरांना एकदम पकडण्याचा मार्ग होता. गस वाइस यांनी दुसरा मार्ग सुचवला. मागणी काय आहे हे कळलेच आहे, तर ती पुरवावी, पण माल बिघडवून. वाइस यांच्या लिखाणानुसार जानेवारी १९८२ मध्ये त्यांनी ही कल्पना सीआयएचे संचालक विल्यम केसी यांच्यापुढे मांडली आणि रेगन यांनी तिला मान्यता दिली. त्यानंतर दोष असलेल्या चिप, चुकीचे आराखडे आणि दिशाभूल करणारी माहिती सोव्हिएत यंत्रणेच्या हाती लागेल अशी व्यवस्था झाली. चाचणीत व्यवस्थित चालणारी, पण काही काळाने फसणारी वस्तू हे त्याचे सूत्र होते. यातला दुहेरी फटका असा की, एकदा एक सदोष वस्तू सापडली की आधी मिळवलेल्या सगळ्या चांगल्या वस्तूंवरचाही विश्वास उडतो.

पाइपलाइनचा स्फोट खरा की दंतकथा?

या प्रकरणातील सर्वाधिक चर्चिलेला दावा अमेरिकी हवाई दलाचे माजी सचिव थॉमस रीड यांनी २००४ च्या पुस्तकात केला. सैबेरियातील वायुवाहिनीसाठी सोव्हिएत संघाने मिळवलेल्या नियंत्रण प्रणालीत अमेरिकेने आधीच खोट घालून ठेवली होती आणि त्यामुळे १९८२ च्या उन्हाळ्यात तेथे प्रचंड स्फोट झाला, असे त्यांचे म्हणणे.

तांत्रिकदृष्ट्या कल्पना समजायला अवघड नाही. बीड जिल्ह्यातील परळीच्या औष्णिक वीज केंद्राचे उदाहरण घेऊ. अशा केंद्रात वाफेचा दाब, झडपांची उघडझाप आणि टर्बाइनचा वेग नियंत्रण कक्षातून सांभाळला जातो. त्या कक्षातील प्रणालीच खोटे आकडे दाखवू लागली आणि नको तेव्हा झडप बंद करू लागली, तर समोर बसलेल्या कुशल माणसालाही वेळेत काही कळणार नाही. वायुवाहिनीतील पंप आणि झडपांचेही असेच आहे.

पण शक्यता म्हणजे पुरावा नव्हे. रीड यांच्या दाव्याला स्वतंत्र कागदोपत्री आधार पुढे आलेला नाही. माजी सोव्हिएत अधिकाऱ्यांनी तो फेटाळला. त्या काळात वाहिन्यांवर अशी संगणकीय प्रणाली कितपत वापरात होती, याबद्दल तज्ज्ञांनी शंका घेतली आहे. सदोष टर्बाइन आणि चिप पाठवल्याचे वाइस यांनी लिहिले आहे, तेवढे त्यांच्या नावावर सांगता येते. अणुस्फोटासारख्या आगीची गोष्ट मात्र सावधपणेच वाचायला हवी.

वेत्रोव पकडला कसा गेला?

जगातील दोन राष्ट्राध्यक्ष ज्याच्या कागदांवर बोलत होते, तो माणूस मॉस्कोत कोसळत चालला होता. दुहेरी आयुष्याचा ताण, दारू आणि प्रेमसंबंधातील भांडणे एकत्र आली. २२ फेब्रुवारी १९८२ रोजी मोटारीत त्याने आपल्या मैत्रिणीवर चाकूने वार केले. आरडाओरडा ऐकून गाडीजवळ आलेल्या एका माणसालाही त्याने भोसकले. तो माणूस मरण पावला. ती महिला वाचली आणि तिने साक्ष दिली.

केजीबीच्या दृष्टीने हा एका मद्यपी अधिकाऱ्याचा लाजिरवाणा गुन्हा होता. त्यामागे हेरगिरी असेल, हे कोणाच्या मनात आले नाही. वेत्रोवला दीर्घ तुरुंगवास झाला आणि त्याची रवानगी सैबेरियातील इर्कुत्स्कच्या तुरुंगात झाली. फ्रेंचांना फक्त एवढेच कळले की, त्यांचा माणूस ठरलेल्या भेटींना यायचा थांबला.

५ एप्रिल १९८३ रोजी फ्रान्सने ४७ सोव्हिएत राजनैतिक अधिकारी आणि अन्य कर्मचाऱ्यांना देशाबाहेर काढले. ही नावे मिळाली कुठून, असा प्रश्न मॉस्कोत उभा राहिला. निषेध नोंदवायला आलेल्या सोव्हिएत प्रतिनिधीला फ्रेंच बाजूने ‘व्हीपीके’च्या एका कागदाची प्रत दाखवली, असे सांगितले जाते. ती प्रत कोणकोणत्या टेबलांवर गेली होती, हे शोधणे केजीबीला अवघड नव्हते. तुरुंगातून वेत्रोवने घरी लिहिलेल्या पत्रांतील सूचक मजकुरामुळे संशय बळावला, असेही एक मत आहे. चौकशीनंतर त्याच्यावर देशद्रोहाचा खटला चालला. २३ जानेवारी १९८५ रोजी त्याला मृत्युदंड देण्यात आला. तेव्हा तो ५२ वर्षांचा होता.

घटनाक्रम एका नजरेत

• १९३२ : मॉस्कोत जन्म
• १९६५ ते १९७० : पॅरिसमध्ये नेमणूक
• १९७४ : माँट्रियलमधील अल्पकाळची नेमणूक, नंतर मुख्यालयात विश्लेषक
• १९८१ : डीएसटीशी संपर्क, जुलैमध्ये मितराँ यांच्याकडून रेगन यांना माहिती
• २२ फेब्रुवारी १९८२ : खून आणि अटक
• ५ एप्रिल १९८३ : फ्रान्समधून ४७ जणांची हकालपट्टी
• २३ जानेवारी १९८५ : मृत्युदंड

त्याला नायक म्हणायचे का?

पाश्चात्त्य देशांत वेत्रोवकडे शीतयुद्धाची दिशा बदलणारा माणूस म्हणून पाहिले जाते. त्याच्यावर सेर्गेई कोस्टिन आणि एरिक रेनो यांनी चरित्र लिहिले. २००९ मध्ये फ्रेंच चित्रपटही आला. रशियात तो देशद्रोही आणि खुनीच राहिला. दोन्ही बाजूंच्या मांडणीत एक माणूस हमखास गळतो. भांडण ऐकून मदतीला किंवा विचारपूस करायला गाडीजवळ गेलेला आणि प्राण गमावलेला तो वाटसरू. त्याचा शीतयुद्धाशी काहीच संबंध नव्हता.

एकट्या वेत्रोवमुळे सोव्हिएत संघ कोसळला, असे म्हणणे अतिशयोक्तीचे ठरेल. तेलाचे घसरलेले दर, अफगाणिस्तानातील युद्ध आणि आतून पोखरलेली अर्थव्यवस्था ही कारणे मोठी होती. त्याने दाखवून दिले ते वेगळेच. चोरीवर उभी राहिलेली यंत्रणा पुरवठ्यासाठी शत्रूच्या कारखान्यांवर अवलंबून असते आणि गुपित टिकवण्यासाठी स्वतःच्या नाराज कारकुनांवर. सोव्हिएत संघात हे दोन्ही आधार एकाच वेळी सुटले.

भारताने कोणता मार्ग धरला?

तंत्रज्ञान नाकारले जाण्याचा अनुभव भारतालाही आला. ऐंशीच्या दशकात अमेरिकेकडून महासंगणक मिळवताना भारतावर कडक अटी लादल्या गेल्या आणि हवी तेवढी क्षमता मिळाली नाही. त्यानंतर १९८८ मध्ये पुण्यात प्रगत संगणन विकास केंद्र म्हणजे ‘सी-डॅक’ स्थापन झाले. डॉ. विजय भटकर यांच्या नेतृत्वाखाली १९९१ मध्ये ‘परम ८०००’ हा महासंगणक तयार झाला. त्यातील प्रक्रियक परदेशीच होते, पण बाजारात उघडपणे मिळणारे अनेक प्रक्रियक समांतर जोडून त्यांच्याकडून एकत्र काम करून घेण्याची रचना आपल्या अभियंत्यांची होती. त्यामुळे पुढची आवृत्ती बनवण्यासाठी कोणाच्या कपाटात डोकावण्याची गरज उरली नाही.

‘कोकॉम’ १९९४ मध्ये गुंडाळण्यात आली आणि तिच्या जागी ‘वासेनार करार’ ही निर्यात नियंत्रणाची नवी व्यवस्था आली. एकेकाळी अशा याद्यांची झळ सोसलेला भारत डिसेंबर २०१७ मध्ये तिचा सदस्य झाला. संवेदनशील तंत्रज्ञान कोणाला द्यायचे आणि कोणाला नाही, या चर्चेत आता तोही बसतो. चिपवरून चाललेल्या सध्याच्या संघर्षात कोणत्या देशाने काय मिळवले याच्या बातम्या येत राहतील. त्या वाचताना कोण काय मागतो आहे, याकडेही लक्ष ठेवायला हवे. कोणाकडे काय नाही, ते त्यातूनच कळते.